मेजर सॅम्युअल शॉ : कागदावरचं घर

(दृश्य : बोस्टन बंदराचा जुना नकाशा, नॉर्थ एंडच्या अरुंद गल्ल्या)

अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात लढलेल्या आणि पुढे चीनशी व्यापार करणाऱ्या सॅम्युअल शॉचा जन्म २ ऑक्टोबर १७५४ चा, बोस्टनच्या नॉर्थ एंड भागातला. वडील फ्रान्सिस शॉ व्यापारी होते. लॅटिन शाळेतून बाहेर पडलेला मुलगा त्यांच्याच पेढीवर बसला. त्या काळी पेढीवरच्या शिकाऊ पोराला आधी पत्र लिहायला शिकावं लागे. मालाचा भाव, हुंडीची मुदत, कप्तानाचं नाव, सगळं नेमकं लिहायचं, वहीत नक्कल ठेवायची आणि महत्त्वाचा मजकूर दोन वेगवेगळ्या जहाजांनी धाडायचा. एक बुडालं तर दुसरं पोहोचेल, हा हिशेब.

पुढे शॉच्या आयुष्यात घर फार थोडं आलं. १७७५ च्या अखेरीस तो सैन्यात गेला आणि १७९४ मध्ये समुद्रावर वारला. मधल्या काळात आईवडील आणि भाऊ त्याला भेटले ते बहुतेक कागदावरच. म्हणून त्याची पत्रं व्यापाराच्या इतिहासाइतकीच एका कुटुंबाचा इतिहास म्हणूनही वाचायला हवीत.

(दृश्य : तोफा, बर्फातली छावणी)

बोस्टन ब्रिटिश फौजेच्या ताब्यात असताना शॉ कुटुंबाच्या घरात ब्रिटिश अधिकारी उतरवले होते. त्यांतला रॅग नावाचा लेफ्टनंट अमेरिकनांबद्दल नको ते बोलला आणि तरुण सॅम्युअलनं त्याला थेट द्वंद्वाचं आव्हान दिलं. ब्रिटिश फौजेतलेच मेजर पिटकेर्न मध्ये पडले, म्हणून ते मिटलं.

१ जानेवारी १७७६ पासून तो हेन्री नॉक्स यांच्या तोफखान्यात लेफ्टनंट होता. हे नॉक्स मूळचे बोस्टनचे पुस्तकविक्रेते. ट्रेंटन, प्रिन्स्टन, ब्रँडीवाइन, जर्मनटाउन, मॉनमथ, सगळीकडे शॉ होता. पुढे तो नॉक्स यांचा एडीसी, म्हणजे त्यांच्या हाताखालचा खास अधिकारी झाला. लढायांची वर्णनं तो वडिलांना आणि भावांना लिहीत होताच, पण मला जास्त बोलकी वाटते ती त्याची पैशांबद्दलची तळमळ. काँग्रेसच्या, म्हणजे अमेरिकेच्या तेव्हाच्या मध्यवर्ती सभेच्या, कागदी नोटांची किंमत घसरत गेली, मार्च १७८० मध्ये खुद्द काँग्रेसनं चाळीस नोटांना एक चांदीचा डॉलर असा दर मान्य केला. पगार त्याच नोटांत. व्यापाऱ्याच्या पोराला याचा अर्थ कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

१५ मार्च १७८३ ला न्यूबर्गच्या छावणीत थकलेल्या पगारावरून अधिकारी बंडाच्या बेतात होते. सरसेनापती जॉर्ज वॉशिंग्टन सभेत आले. भाषण झालं. मग एक पत्र वाचून दाखवायला त्यांनी खिशातून चष्मा काढला आणि म्हणाले, तुमच्या सेवेत केस पिकले, आता नजरही चालली. शॉनं हा प्रसंग मित्र जॉन इलियट यांना कळवला. ते साधे शब्द घोटून बसवलेल्या वक्तृत्वापेक्षा वरचढ ठरले, थेट काळजात गेले आणि सगळ्यांचे डोळे पाणावले, असं तो लिहितो. हा प्रसंग आज अमेरिकेत सांगितला जातो, त्यामागे शॉचं हे पत्र आहे.

(दृश्य : न्यू यॉर्क बंदर, शिडं उभारलेलं जहाज)

युद्ध संपलं तेव्हा मेजर शॉकडे भांडवल नव्हतं. नॉक्स आणि वॉशिंग्टन यांची प्रशस्तिपत्रं मात्र होती. फिलाडेल्फियाचे रॉबर्ट मॉरिस आणि त्यांचे भागीदार चीनला जहाज पाठवायच्या खटपटीत होते. मालाचा सगळा व्यवहार सांभाळणारा मुखत्यार, म्हणजे सुपरकार्गो, म्हणून त्यांनी शॉला नेमलं. जोडीला दुसरा तोफखान्याचा अधिकारी, थॉमस रँडल. मला वाटतं, मालकांनी इथं अनुभवापेक्षा शब्दाला जागणारी माणसं शोधली. हजारो मैलांवर, जाब विचारायला कुणी नसताना, दुसऱ्याची चांदी कुणाच्या हवाली करायची, हा खरा प्रश्न होता.

‘एम्प्रेस ऑफ चायना’ २२ फेब्रुवारी १७८४ ला न्यू यॉर्कहून निघालं. पोटात सुमारे ३० टन जिनसेंग ही औषधी मुळी, फर, शिसं आणि स्पॅनिश चांदीचे २०,००० डॉलर. ऑगस्टच्या अखेरीस ते चीनमधल्या कँटनजवळच्या (आजचं ग्वांगझू) व्हाम्पोआ बंदरात पोहोचलं आणि तिथं नांगरलेल्या जहाजांना १३ तोफांची सलामी दिली. तेव्हाच्या अमेरिकेतल्या तेरा राज्यांच्या तेरा.

चिनी व्यापाऱ्यांना आधी हे इंग्रजच वाटले. शॉनं नकाशा पसरून आपला देश केवढा ते दाखवलं, तशी एवढी मोठी बाजारपेठ पाहून ती मंडळी खूश झाली. एका चिनी व्यापाऱ्याचं बोलणं शॉनं रोजनिशीत जसंच्या तसं उतरवलंय. त्याचा आशय असा : पहिल्यांदा येणारे सगळेच भले असतात, आणखी दोन-तीन खेपा करा, मग तुम्हीही इंग्रजांसारखेच व्हाल. परक्यानं आपल्या लोकांना दिलेला हा इशारा शॉनं लपवला नाही, याचं मला फार मोल वाटतं.

११ मे १७८५ ला जहाज चहा, रेशीम आणि चिनी मातीची भांडी घेऊन परतलं. नफा ३०,००० डॉलरच्या वर. आठवड्यात शॉनं परराष्ट्र सचिव जॉन जे यांना सविस्तर अहवाल लिहिला. घरी मात्र वडील राहिले नव्हते, ते १७८४ मध्येच गेले. त्याच १७८५ मध्ये भाऊ फ्रान्सिसही गेला, मागं लहान मुलं होती.

(दृश्य : कँटनच्या वखारी)

१७८६ मध्ये काँग्रेसनं शॉला कँटनमधला आपला प्रतिनिधी, म्हणजे कॉन्सल नेमलं. चीनमधला अमेरिकेचा हा पहिला कॉन्सल, बिनपगारी. पुढच्या खेपांत तो बंगालपर्यंत गेला. बोस्टनजवळ बांधलेलं ‘मॅसॅच्युसेट्स’ हे सुमारे ८०० टनांचं जहाज त्याची मोठी उडी होती, पण लाकूड ओलं वापरलेलं होतं, ते कुजू लागलं. बटाव्हियात (आजचं जकार्ता) डचांनी अमेरिकनांना व्यापार करू दिला नाही. शॉनं थेट राष्ट्राध्यक्ष वॉशिंग्टन यांना तक्रार लिहिली आणि जहाज कँटनला डॅनिश कंपनीला विकून टाकलं.

ऑगस्ट १७९२ मध्ये त्यानं हॅना फिलिप्सशी लग्न केलं. संसार सहा महिन्यांचा. फेब्रुवारी १७९३ मध्ये तो पुन्हा निघाला, या वेळी मुंबई आणि कँटनकडे. मुंबईचा कापूस तेव्हा चीनला जायचा आणि चहाची किंमत त्यातून भागायची. हे गणित शॉ कँटनमध्ये वर्षानुवर्षं पाहत आला होता. परतीच्या वाटेवर यकृताच्या आजारानं ३० मे १७९४ ला ‘वॉशिंग्टन’ जहाजावर तो वारला. वय ३९.

हॅनाचा भाचा जोसाया क्विन्सी पुढे हार्वर्डचा अध्यक्ष झाला. शॉच्या रोजनिशा आणि पत्रं त्यानंच १८४७ मध्ये बोस्टनमध्ये छापली. फ्रान्सिसचा मुलगा रॉबर्ट गुल्ड शॉ बोस्टनचा बडा व्यापारी झाला. त्याच नावाचा त्याचा नातू कर्नल झाला, कृष्णवर्णीय सैनिकांच्या ५४व्या मॅसॅच्युसेट्स पलटणीचा, आणि अमेरिकेच्या यादवी युद्धात, जुलै १८६३ मध्ये, फोर्ट वॅग्नर या किल्ल्यावर चाल करताना पडला. जाण्यापूर्वी तोही घरी सतत पत्रं लिहीत होता.