म्होरक्याच्या घरातली बाई

गुडघे वाकवून, उजवा तळहात पुढे करून जुगारी यजमानाच्या दारात आपलं गाव, घराणं आणि नाव सांगतो. जपानी जुगाऱ्यांची ही जुनी रीत. १९६८ साली तोएई कंपनीच्या ‘हिबोतान बाकुतो’ या चित्रपटात ही रीत एका किमोनोतल्या बाईनं पाळली. नाव ओर्यू. गाव कुमामोतो. खांद्यावर लाल पिओनीच्या फुलाचं गोंदण.

ओर्यूचा बाप टोळीचा म्होरक्या. त्याचा खून होतो, आणि लेक बाईपण बाजूला ठेवून मारेकऱ्याच्या मागावर निघते. मोकळीक मिळते, पण संसारावर पाणी सोडून. १९७२पर्यंत या मालिकेचे आठ चित्रपट आले. गंमत म्हणजे नायिका फुजी जुन्को ही निर्माते शुन्दो कोजी यांचीच मुलगी. त्याच वर्षी लग्नासाठी ऐन भरात तिनं काम सोडलं. पुढे ती परतली, पण वेगळं नाव घेऊन.

प्रत्यक्षातल्या याकुझा टोळीत, म्हणजे जपानी गुन्हेगारी टोळीत, म्होरक्याबरोबर साकेचा, तांदळाच्या दारूचा, प्याला घेणारा त्याचा मुलगा ठरतो. बायकोला ना प्याला, ना पद. तरी १९८१मध्ये यामागुची-गुमी या याकुझा टोळीचे तिसरे म्होरके ताओका काझुओ वारले, ठरलेला वारस तुरुंगात होता आणि पुढे आजारपणात तोही वारला, तेव्हा घडी सांभाळली ताओकांच्या पत्नी फुमिको यांनी. १९८४मध्ये ताकेनाका मासाहिसा गादीवर बसले, त्यात फुमिकोंच्या शब्दाला वजन होतं. नाराज गट फुटून निघाला. जानेवारी १९८५मध्ये ताकेनाकांवर गोळ्या झाडल्या गेल्या.

पुढच्याच वर्षी ‘गोकुदो नो ओन्नाताची’ (याकुझांच्या बायका) हा चित्रपट पडद्यावर आला. इएदा शोको यांनी याकुझांच्या बायकांवर लिहिलेल्या पुस्तकावरून, गोशा हिदेओ यांच्या दिग्दर्शनात. इथेही वारसावरून फूट आहेच. अभिनेत्री इवाशिता शिमानं साकारलेली तामाकी नवरा गजाआड असताना टोळी चालवते. आवाज चढवायची तिला गरजच पडत नाही; दांडगे गडी मान खाली घालून ऐकतात. धाकटी बहीण माकोतो मात्र आपल्यावर बळजबरी करणाऱ्या, विरोधी गोटातल्या माणसाशीच लग्न करते. चित्रपट ते उत्कट प्रेम म्हणून रंगवतो. ते काही गळी उतरत नाही. पुढे दोघी बहिणी हातघाईवर येतात, त्याही आपापल्या नवऱ्याच्या टोळीपायी.