मुरुमावरून टर्फवर

(दृश्य: नांदेड, हॉकीच्या मैदानाभोवती गर्दी)

नांदेडला गुरू गोविंदसिंगजींच्या प्रकाश पर्वाच्या सुमारास गोल्ड अँड सिल्व्हर कप ही अखिल भारतीय हॉकी स्पर्धा भरते. देशभरातले संघ उतरतात. मराठवाड्यातल्या पोरांना वरच्या दर्जाची हॉकी अगदी लाईनीजवळ उभं राहून बघायला मिळते, ती याच दिवसांत. स्पर्धा संपली की ही पोरं परततात आपापल्या शाळेच्या मुरुमाच्या मैदानावर. तिथून भारताच्या जर्सीपर्यंत कोण पोहोचणार, हे बऱ्याच अंशी एका गोष्टीवर ठरतं: टर्फवर, म्हणजे कृत्रिम गवताच्या मैदानावर, पहिला पाय कोणत्या वयात पडला.

१९७६ च्या माँट्रियल ऑलिंपिकमध्ये हॉकी पहिल्यांदा कृत्रिम टर्फवर खेळली गेली आणि भारत सातवा आला. १९८० ला मॉस्कोत सुवर्ण मिळालं, पण त्यानंतरच्या पदकासाठी टोकियोपर्यंत, म्हणजे ४१ वर्षं थांबावं लागलं. कारणं अनेक होती. त्यातलं मोठं हे, की आपली पोरं मातीवर घडायची आणि हात-पाय पक्के झाल्यावर टर्फवर जायची.

मुरुमावर चेंडू सरळ येत नाही. खडा लागला की उडी घेतो. म्हणून खेळाडू स्टिक उभी धरतो, अंग मागे ठेवतो, आधी चेंडू थांबवतो आणि मग बघतो. या सरावाने मनगट तयार होतं, नजर तयार होते. धनराज पिल्ले पुण्याच्या खडकीत असंच शिकले, १९८९ पासून २००४ पर्यंत भारताकडून खेळले आणि १९९८ च्या बँकॉक आशियाई स्पर्धेत कर्णधार म्हणून सुवर्ण घेऊन आले. पण टर्फवर तीच सवय आड येते. तिथे चेंडू सपाट आणि वेगात येतो. गुडघे वाकवून, स्टिक जवळपास जमिनीला टेकवून, पळता पळता घ्यावा लागतो. थांबवून बघायला वेळच नसतो, तोवर समोरचा अंगावर आलेला असतो.

मुरुमावरचा खेळाडू टर्फवर गेला की सुरुवातीला कंबर आणि मांडीच्या मागच्या शिरा धरतात, कारण तितकं खाली वाकून धावण्याची सवय नसते. पडला की गुडघा, कोपर सोलून निघतं. बूटही वेगळे लागतात, तळाला बारीक रबरी दाणे असलेले. स्टिकचा हिशेब उलटा आहे. कार्बनची महागडी स्टिक मुरुमावर घासली की तिचं तोंड काही महिन्यांत झिजतं. शिकाऊ पोराला लाकडी स्टिक द्यावी, तोंडाला टेप गुंडाळावी आणि कार्बनची स्टिक टर्फसाठी राखून ठेवावी.

(दृश्य: पेनल्टी कॉर्नर, चेंडूवर जवळून)

आता ज्या कौशल्यावर आजची निवड फिरते ते पाहू: ड्रॅग फ्लिक. बचाव करणाऱ्यांनी गोलजवळ नियम मोडला की समोरच्या संघाला पेनल्टी कॉर्नर मिळतो. त्यात एक जण गोलपोस्टपासून दहा मीटरवरून, बॅकलाईनवरून (गोलच्या बाजूची टोकाची रेषा) चेंडू ढकलतो. दुसरा तो डीच्या, म्हणजे गोलसमोरच्या अर्धगोल आखणीच्या, बाहेर थांबवतो. तिसरा फ्लिक मारतो. गोलकीपर धरून पाच जण बचावाला असतात. सरळ हिट मारली तर चेंडू ४६० मिलिमीटरच्या, म्हणजे गोलच्या फळीच्या उंचीच्या वर जाता कामा नये. फ्लिकला ही मर्यादा नाही, म्हणून तर फ्लिकरला इतका भाव.

फ्लिकर धावत येतो, उजवा पाय डाव्याच्या मागून टाकतो आणि चेंडू मागच्या पायाच्या रेषेत असतानाच स्टिकच्या दांड्यावर घेतो. मग डावा पाय लांब पुढे पडतो, कंबर वळते, चेंडू दांड्यावरून तोंडाकडे घसरत येतो आणि डाव्या पायाच्या पुढे सुटतो. जितकं अंतर चेंडू स्टिकला चिकटून राहील तितका वेग. शिकाऊ पोराच्या चुका बहुधा दोनच. चेंडू पुढच्या पायाजवळ उचलला, की ओढायला जागाच उरत नाही. किंवा तो सुटण्याआधीच अंग उभं झालं, की चेंडू बारवरून जातो. तिसरी चूक त्याची नसतेच. चेंडू थांबवणाऱ्याच्या हातून चेंडू पूर्ण मेला नाही, जरासा हलला, तर सगळं गणित बिघडतं. म्हणून हे त्रिकूट एकत्रच घडवावं लागतं. मुरुमावर हा सराव होतच नाही, कारण खडा लागला की चेंडू दांड्यावरून उडतो. पॅरिस ऑलिंपिकमध्ये भारताला कांस्य मिळालं. त्या स्पर्धेत कर्णधार आणि ड्रॅग फ्लिकर हरमनप्रीत सिंगने एकट्याने १० गोल केले.

पुढचा रस्ता तसा ठरलेला. शालेय स्पर्धा, जिल्हा, राज्य, मग राष्ट्रीय. वयोगटाच्या स्पर्धांत जन्मदाखला आणि शाळेच्या दाखल्यावरची तारीख जुळली नाही तर चांगला खेळाडू घरी बसतो, म्हणून ग्रामपंचायतीतून दाखला वेळेत काढून तपासून घ्यावा. पुण्याला राज्याच्या क्रीडा प्रबोधिनीत हॉकीची निवासी सोय आहे. २१ वर्षांखालचा ज्युनियर विश्वचषक ही खरी चाळणी. त्यानंतर बंगळुरूचं राष्ट्रीय शिबिर. ऑलिंपिकला मूळ संघात जागा फक्त सोळा. सामना १५ मिनिटांच्या चार भागांचा, बदली खेळाडू हवे तितक्या वेळा. त्यामुळे काही मिनिटं जीव तोडून धावायचं, बाहेर बसायचं, पुन्हा उतरायचं. ही लय न जमलेला खेळाडू कितीही हुशार असला तरी टिकत नाही.

गोलकीपरचं वय वेगळं चालतं. पी. आर. श्रीजेश २००६ ला भारताच्या संघात आला आणि २०२४ ला, चौथ्या ऑलिंपिकनंतर निवृत्त झाला. पॅरिसच्या उपांत्यपूर्व फेरीत अमित रोहिदासला लाल कार्ड मिळालं. भारताने चाळीसहून अधिक मिनिटं दहा जणांवर काढली, सामना १-१ राहिला आणि शूटआउट ४-२ ने जिंकला. शूटआउटमध्ये २३ मीटरवरून निघालेल्या खेळाडूला आठच सेकंद मिळतात. कीपरने घाई न करता त्याला बाजूला ढकलत नेलं की ते आठ सेकंद कीपरच्या बाजूने धावतात.

हॉकीचं टर्फ पाणी मारून ओलं ठेवावं लागतं. त्यामुळे मराठवाड्यात टर्फचं नाव काढलं की पाण्याचा प्रश्न येतो, आणि तो खरा आहे. २०१६ ला लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं होतं. हॉकीचं मैदान ९१.४० बाय ५५ मीटर, म्हणजे साधारण ५,००० चौरस मीटर. त्यावर एक मिलिमीटर पाणी मारायचं तरी ५,००० लिटर लागतात, आणि उन्हाळ्यात एकदा मारून भागत नाही.

पण शिकायला अख्खं मैदान कशाला हवं? डी आणि तिच्यापुढची थोडी जागा धरली तर ३५ बाय २० मीटर पुरतात. तेवढ्या टर्फला एका मिलिमीटरसाठी लागतात ७०० लिटर, म्हणजे दोनशे लिटरची साडेतीन पिंपं. पेनल्टी कॉर्नर, फ्लिक, ट्रॅप (चेंडू थांबवणं), गोलकीपिंग सगळं त्यावर शिकवता येतं. नांदेड, परभणी, हिंगोली, लातूर, कुठल्याही जिल्हा क्रीडा संकुलाच्या कोपऱ्यात एवढी जागा निघते. पोर बारा-तेरा वर्षांचं असताना ती मिळायला हवी.