योक पीटरचं छप्पर

श्रोतेहो, नमस्कार.

१५ ऑक्टोबर १९३२ रोजी जे.आर.डी. टाटा कराचीहून टपालाच्या थैल्या घेऊन निघाले आणि अहमदाबादमार्गे मुंबईत जुहूला उतरले. त्यांचं ते एका इंजिनाचं विमान होतं 'पस मॉथ', आणि ते बनवलं होतं इंग्लंडच्या डी हॅविलंड कंपनीनं. कंपनीचे मालक जेफ्री डी हॅविलंड यांना फुलपाखरं आणि पतंग गोळा करायचा नाद, म्हणून विमानांना नावंही तशीच: जिप्सी मॉथ, टायगर मॉथ, पस मॉथ. आज मी सांगणार आहे ते याच कंपनीच्या एका थोरल्या विमानाबद्दल. त्याचं नाव कॉमेट, म्हणजे धूमकेतू. आपल्याकडे धूमकेतू दिसला की जुनी माणसं काय म्हणायची, ते मी सांगायला नको.

दुसरं महायुद्ध अजून चालूच होतं, तेव्हा ब्रिटिश सरकारनं लॉर्ड ब्रॅबाझन यांच्या अध्यक्षतेखाली एक समिती नेमली. युद्ध संपल्यावर प्रवासी विमानं कोणती बांधायची, हे तिनं ठरवायचं होतं. मोठी पंख्याची विमानं बांधण्यात अमेरिका खूप पुढे गेली होती. तिला गाठायचं तर एकदम पुढच्या पायरीवर उडी मारणं भाग होतं, आणि ती पायरी म्हणजे जेट. २७ जुलै १९४९ रोजी हॅटफील्डच्या धावपट्टीवरून जॉन कनिंगहॅम यांनी कॉमेट पहिल्यांदा आकाशात नेलं. पुढे २ मे १९५२ रोजी लंडनहून जोहान्सबर्गला ३६ प्रवासी घेऊन एक कॉमेट निघालं. प्रवाशांची नियमित ने-आण करणारी जगातली ती पहिली जेटसेवा. त्याच वर्षी कोलंबोच्या मार्गावर मुंबईतही कॉमेट उतरू लागलं. लोक अक्षरशः हरखून गेले. पंख्यांची थरथर नाही, ढगांच्या वरून प्रवास, आणि टेबलावर उभं केलेलं नाणं म्हणे पडत नसे.

आता थोडं आत शिरू. कॉमेट ३५ ते ४० हजार फुटांवरून उडायचं. तिथल्या विरळ हवेत माणूस जगत नाही, म्हणून आत हवा कोंबून ८ हजार फुटांवर असते तेवढी ठेवायची. त्यामुळे विमानाच्या पत्र्यावर आतून रेटा यायचा, दर चौरस इंचाला सव्वाआठ पौंड. आपला हाताचा पंजा पत्र्यावर ठेवलात, तर तेवढ्याशा जागेवर एक धडधाकट माणूस उभा आहे असं समजा. पत्रा किती जाड? एक मिलिमीटरसुद्धा नाही. विमान चढलं की फुगायचं, उतरलं की पूर्ववत व्हायचं. दर फेरीला हेच.

१० जानेवारी १९५४. रोमहून लंडनला निघालेलं कॉमेट एल्बा बेटाजवळ समुद्रात कोसळलं. ३५ माणसं गेली. हे तेच विमान, ज्यानं पहिली जोहान्सबर्गची फेरी केली होती. नोंदणीच्या शेवटच्या दोन अक्षरांवरून त्याला 'योक पीटर' म्हणत. सगळी कॉमेटं जमिनीवर आणली. आग लागली असेल, इंजिनाचं पातं तुटलं असेल, अशा शंका धरून पन्नासाहून अधिक दुरुस्त्या केल्या आणि २३ मार्चला सेवा पुन्हा सुरू झाली. ८ एप्रिलला रोमहूनच कैरोला निघालेलं दुसरं कॉमेट नेपल्सजवळच्या समुद्रात पडलं. आणखी २१ माणसं. नेपल्सचे अवशेष इतक्या खोल पाण्यात गेले की हाती लागण्याची आशाच नव्हती.

तपास फार्नबरोच्या सरकारी संशोधन संस्थेकडे गेला. प्रमुख होते आर्नल्ड हॉल. त्यांनी एक अख्खं कॉमेट पाण्याच्या टाकीत बसवलं. पंख टाकीबाहेर, धड आत, आणि धडाच्या आतही पाणीच. पाणी कशाला? हवा भरून फुगवलं आणि फुटलं तर बॉम्बसारखा स्फोट होतो, सगळ्या पत्र्याच्या चिंध्या होतात आणि सुरुवात कुठून झाली ते कळत नाही. पाणी जवळजवळ दाबलंच जात नाही, त्यामुळे फाटलं तरी फाटल्या जागी थांबतं. पंख यंत्रानं वरखाली हलवायचे, आतला दाब चढवायचा, उतरवायचा. रात्रंदिवस हेच. जून अखेरीला धड फाटलं. आधीची खरी उड्डाणं आणि टाकीतली खोटी मिळून ३,०६० च्या आसपास फेऱ्या झाल्या होत्या. चीर सुरू झाली होती एका खिडकीच्या कोपऱ्यातून.

पत्र्याचा डबा कापून झाकण अर्धवट लोंबत राहिलं, तर आपण काय करतो? इकडेतिकडे वाकवत राहतो आणि ते तुटून हातात येतं. जोर एकदाही फारसा लावलेला नसतो. धातू असा थकतो. आणि तो फाटतो कोपऱ्यातून. झब्ब्याच्या बाजूच्या कटाला शिंपी वरच्या टोकाशी दोन जास्तीचे टाके मारतो, ते याचसाठी.

मग डी हॅविलंडनं चाचण्या केल्याच नव्हत्या की काय? केल्या होत्या, आणि मला या सगळ्या हकिकतीत सर्वांत चटका लावणारी गोष्ट हीच वाटते. त्यांनी धडाचा एक भाग घेऊन त्यावर हजारो वेळा दाब चढवला-उतरवला होता. तो १६ हजारांवर फेऱ्या टिकला. सगळे निश्चिंत झाले. पण त्याच तुकड्यावर आधी मजबुतीची वेगळी चाचणी झाली होती, नेहमीच्या दुप्पट दाबाची. त्या दाबानं कोपऱ्यांजवळचा धातू किंचित ताणला गेला आणि दाब काढल्यावर आजूबाजूच्या पत्र्यानं त्याला आवळून धरलं. आवळलेल्या धातूत चीर सहजी पडत नाही. म्हणजे जास्त कडक परीक्षा घेतल्यामुळेच तो तुकडा इतरांपेक्षा टिकाऊ झाला होता. प्रवासी नेणाऱ्या विमानांच्या नशिबी ते ताणणं आलं नव्हतं. योक पीटर १,२९० फेऱ्यांत गेलं, दुसरं तर ९०० मध्येच.

कॉमेटच्या सुधारलेल्या चौथ्या आवृत्तीनं ४ ऑक्टोबर १९५८ रोजी अटलांटिक पार करणारी पहिली जेटसेवा सुरू केली. बोइंग ७०७ तीन आठवड्यांनी आलं, पण ते मोठं होतं, जास्त माणसं नेत होतं. बाजार त्यानंच मारला. आपल्या एअर इंडियानंही १९६० मध्ये ७०७ च आणली.

चौकोनी खिडक्यांमुळे कॉमेट पडलं, असं तुम्ही कुठेतरी ऐकलं असेल. त्या खिडक्या काही अगदी काटकोनी नव्हत्या, कोपरे गोलावलेले होते. आणि योक पीटरच्या छपराचा जो तुकडा समुद्रातून वर आला, त्यानं वेगळंच दाखवलं. तो तुकडा आज लंडनच्या सायन्स म्युझियममध्ये आहे. त्यात शेजारीशेजारी दोन भोकं दिसतात. दिशा दाखवणाऱ्या रेडिओच्या एरियलसाठी छपराला ठेवलेल्या त्या खिडक्या होत्या. चीर त्यांच्यापाशी सुरू झाली होती. त्यांतून बाहेर बघायला तिथे कुणी बसतही नव्हतं.

नमस्कार.