दोन फ्रेम

(फिल्म सोसायटीतलं व्याख्यान, थोडं संपादन करून)

मंडळी, आज विषय आहे संकलक ॲन व्ही. कोट्स. त्यांच्या त्रेसष्ट वर्षांच्या कामातलं वैविध्य, असं निमंत्रणपत्रिकेत छापलंय. तिकडे जायचंच आहे. पण आधी एका काडीबद्दल बोलते.

‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ इथल्या बहुतेकांनी पाहिलाय. पीटर ओटूल जळती काडी तोंडासमोर धरतो, तिच्यावर फुंकर मारतो, आणि त्याच क्षणी पडदाभर वाळवंटाचं तांबडं क्षितिज. सूर्य अजून वर यायचाय. मी हा चित्रपट पहिल्यांदा पाहिला तो कॉलेजात असताना, मॅटिनीला. प्रिंट किती गावं फिरून आली होती देव जाणे. रीळ तुटलं की ऑपरेटर फाटका भाग कापणार आणि पुन्हा चिकटवणार, दुसरं करणार तरी काय बिचारा! आमच्या वाट्याला आलेल्या प्रिंटमध्ये काडी पेटली, ओटूलनं ती वर धरली आणि एकदम उंट चालायला लागले. फुंकर नाही, पहाट नाही. शेजारी बसलेली मैत्रीण मला विचारते, “अगं, त्यानं पेटवलं काय?” (हशा)

ऑपरेटरवर माझा राग नाही. राग आहे तो अशी प्रिंट पूर्ण पैसे घेऊन गावोगाव पाठवणाऱ्यांवर. पुढे मी स्वतः तीस वर्षं माहितीपटांचं संकलन केलं, आणि तो राग वाढतच गेला. पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मच्या एका फुटात सोळा फ्रेम, म्हणजे सोळा सुटी चित्रं, असतात. दोन फूट गेले म्हणजे बत्तीस फ्रेम गेल्या. आता कोट्सबाईंनी त्या जागी काय केलं होतं ते ऐका.

पटकथेत तिथे डिझॉल्व्ह होता, म्हणजे काडी हळूहळू विरणार आणि तिच्यातून वाळवंट उमटणार. पण तेव्हा काम फिल्मवर चाले. डिझॉल्व्ह नंतर लॅबमध्ये व्हायचा, टेबलावरच्या कच्च्या प्रिंटमध्ये दोन शॉट नुसते एकमेकांना जोडलेले असायचे. दिग्दर्शक डेव्हिड लीन आणि कोट्सबाई तो नुसता जोड बघत होते, आणि दोघांच्याही लक्षात आलं की हाच हवा! त्या दिवसांत फ्रेंच नवप्रवाहाचे दिग्दर्शक असे थेट कट करत होते. शाब्रोलचे वगैरे चित्रपट बघा, असं बाईंनीच लीनना सुचवलं होतं. तरीही लीन म्हणाले, अजून अगदी नेमका नाही, घेऊन जा आणि नेमका कर. बाईंनी पहिल्या शॉटच्या दोन फ्रेम काढल्या. दोनच. सेकंदाचा बारावा भाग. झालं.

लीन स्वतः मूळचे संकलक, हे विसरू नका. अशा माणसासमोर बसून कापायचं! बाईंना ते काम मिळालं तेही गमतीशीर. लॉरेन्सच्या भूमिकेसाठी अल्बर्ट फिनीची चाचणी घेतली होती, तिचं संकलन त्यांनी केलं. फिनीनं भूमिका नाकारली, संकलक मात्र राहिली. 1963 साली ऑस्कर मिळालं.

मी तो कट पूर्ण पाहिला तो 1989 च्या पुनरुज्जीवित आवृत्तीत. तिच्यासाठी हरवलेले तुकडे शोधले, आवाज नसलेल्या जागी नटांनी पुन्हा संवाद म्हटले, आणि लीनबरोबर कोट्सबाईही पुन्हा टेबलाशी बसल्या. फुंकर आली, पहाट झाली, आणि मी अंधारात रडले. इतकी वर्षं मला ठाऊकच नव्हतं की माझं काही हरवलंय.

संयोजकांची चिठ्ठी आलीय, सात मिनिटं. बरं.

तर वैविध्य. 1952 चा ‘पिकविक पेपर्स’ हे स्वतंत्र संकलक म्हणून पहिलं काम, आणि 2015 मध्ये ‘फिफ्टी शेड्स ऑफ ग्रे’. मधे ‘बेकेट’, ‘मर्डर ऑन द ओरिएंट एक्स्प्रेस’. मग ऐंशीच्या दशकात इंग्लंड सोडून लॉस एंजेलिस. साठी उलटून गेल्यावर ‘इन द लाइन ऑफ फायर’चा थरार, सत्तरी उलटल्यावर दिग्दर्शक सोडरबर्गबरोबर ‘आउट ऑफ साइट’. त्यातला तो प्रसंग आठवा. क्लूनी आणि लोपेझ हॉटेलच्या बारमध्ये बोलताहेत आणि मधेमधे दिसतेय ती नंतरची खोली. बोलणं इथलं, स्पर्श तिथला. प्रतिमा क्षणभर गोठते, पुन्हा चालते. ‘लॉरेन्स’ कापणाऱ्याच हातांनी हे कापलंय असं कुणी ओळखून दाखवावं!

माझं म्हणणं एवढंच आहे, की बाईंचा असा ठसा सापडत नाही कारण त्या आधी नटाकडे बघायच्या. कात्री नंतर. ‘द एलिफंट मॅन’ घ्या, 1980, दिग्दर्शक लिंचचा. त्यातल्या मेरिकचा, त्या विद्रूप माणसाचा, चेहरा आपल्यापासून किती वेळ राखून ठेवलाय! बुरखा, सावली, आणि डॉक्टर झालेल्या अँथनी हॉपकिन्सच्या डोळ्यांतलं पाणी. चेहरा उघड दिसतो तो जेवण घेऊन आलेली नर्स किंचाळते तेव्हा. कोट्सबाई चित्रपटात येण्याआधी ईस्ट ग्रिन्स्टेडला नर्स होत्या, शल्यविशारद मॅकिंडो यांच्या रुग्णालयात. जळालेल्या वैमानिकांचे चेहरे तिथे पुन्हा घडवले जात. मी जोडतेय हा धागा, पुरावा माझ्याकडे नाही. पण तसल्या चेहऱ्याकडे किती वेळ बघायचं आणि नजर कधी वळवायची, हे वॉर्डात शिकलेलं माणूस टेबलावर विसरेल असं मला वाटत नाही.

आणि आमच्याकडच्या परीक्षणांत शेवटच्या ओळीला काय असतं? “संकलन ठीक.” दोन शब्द! 2016 मध्ये बाईंना सन्माननीय ऑस्कर दिलं तेव्हा त्या नव्वद वर्षांच्या होत्या. 2018 मध्ये गेल्या.

पुरे, चिठ्ठी परत आलीय. दिवे मालवा. काडीचा प्रसंग लावतोय, पूर्ण प्रिंटमधून. मागचं दार तेवढं लोटून घ्या कुणीतरी, फुंकर ऐकू आली पाहिजे.