उतारा आणि आपली पऱ्हाटी

श्रोतेहो, नमस्कार. आयईएलटीएस या इंग्रजीच्या परीक्षेतील वाचनाच्या विभागाविषयी आज बोलायचे आहे. अकॅडमिक, म्हणजे उच्च शिक्षणासाठीच्या, परीक्षेत या विभागाला तीन उतारे, ४० प्रश्न आणि अवघी ६० मिनिटे असतात. दारव्ह्याकडच्या आमच्या अभ्यासिकेतील मुलांचे व्याकरण पक्के असते, शब्दही पाठ असतात. गुण जातात ते भलत्याच ठिकाणी.

मागच्या हिवाळ्यात सरावासाठी मी कापसावर एक लहानसा उतारा तयार केला. भारतात बीटी कापसाच्या लागवडीला २००२ मध्ये परवानगी मिळाली आणि बोंडअळीला रोखणे हा त्यामागचा हेतू होता, एवढेच त्यात होते. खाली ‘ट्रू’, ‘फॉल्स’ की ‘नॉट गिव्हन’ हे ठरवण्यासाठी एक विधान दिले: ‘बीटी कापूस आल्यावर शेतकऱ्यांची फवारणी बंद झाली.’ वडिलांच्या फवारणीच्या पंपासाठी विहिरीवरून पाणी वाहणाऱ्या एका मुलीने क्षणात ‘फॉल्स’ लिहिले. तिचे म्हणणे खरेच होते; मावा-तुडतुड्यांपुढे बीटीचे काही चालत नाही आणि पुढे गुलाबी बोंडअळीही त्याला जुमानेनाशी झाली, हे तिने पऱ्हाटीत उभे राहून पाहिले होते. पण उताऱ्यात फवारणीचे नावही नव्हते, म्हणून उत्तर ‘नॉट गिव्हन’. उतारा विधान खोडून काढत असेल तरच ‘फॉल्स’ लिहावे. तो त्याविषयी गप्प असेल तर ‘नॉट गिव्हन’. ती रागावली, आणि तिचा राग मला पटलाही. पण परीक्षक तिच्या वावरात येणार नाही.

तेव्हापासून आमच्याकडे उत्तर लिहिण्याआधी उताऱ्यातील नेमक्या ओळीवर बोट ठेवावे लागते. या प्रकारातील उत्तरे उताऱ्याच्या क्रमानेच येतात, त्यामुळे आधी विधाने वाचून त्यांतील सन, नावे आणि ‘ऑल’, ‘ओन्ली’, ‘मोस्ट’ यांसारखे शब्द अधोरेखित केले की शोध सोपा होतो. मात्र उताऱ्यातील ‘फार्मर्स’ प्रश्नात ‘ग्रोअर्स’ होऊन येतात, हे ध्यानात असू द्यावे.

दोनच शब्दांत उत्तर मागितले असता तिसरा शब्द लिहिला, तर तेही चूक ठरते. चुकीला गुण कापत नाहीत, म्हणून जागा कोरी सोडू नये. कागदावरच्या परीक्षेत वाचनाची उत्तरे उतरवायला वेगळा वेळ मिळत नाही. ऐकण्याच्या विभागात मिळणारी दहा मिनिटे इथेही मिळतील, या भरवशावर आमचा एक मुलगा सहा बरोबर उत्तरे प्रश्नपत्रिकेवरच ठेवून आला.