ऐंशी दिवसांचा मालक कोण?

श्रोतेहो, नमस्कार. दिवाळीच्या आगेमागे बीड जिल्ह्यातल्या वाड्या-तांड्यांवर ट्रॅक्टर लागतात. भांडीकुंडी, पत्रे, शेळी, लेकरं सगळं वर चढतं आणि बिऱ्हाड निघतं ऊस तोडायला, कोल्हापूर-सांगलीकडे, नाहीतर कर्नाटकात. त्यात एखादी पोटुशीही असते. आज तिच्याविषयी बोलायचंय.

बाळंतिणीसाठीचा कायदा आपल्याकडे नवा नाही. मुंबई प्रांताने तो १९२९ सालीच केला. विधेयकाच्या बाजूने डॉ. बाबासाहेब आंबेडकर कायदेमंडळात बोलले होते. १९६१ला देशभराचा कायदा आला. २०१७मध्ये भरपगारी रजा १२ आठवड्यांची २६ झाली. मात्र बाळंतपणाआधीच्या वर्षभरात मालकाकडे ८० दिवस काम झालेलं हवं.

ऊसतोडीचा हंगाम चार-पाच महिन्यांचा. ८० दिवस तिचे सहज भरतात. पहाटे उठून दिवसभराच्या भाकरी थापायच्या, तान्हं असेल तर बांधावरच्या झाडाला झोळी टांगायची, तोडलेल्या उसाची मोळी बांधायची आणि ती डोक्यावर घेऊन अरुंद फळीवरून ट्रकवर चढायचं. गाडी रात्री आली तर रात्री. एक दिवस बसलं की खाडा, त्याचे पैसे उचलीतून, म्हणजे आगाऊ घेतलेल्या मजुरीतून कापले जाणार; बाळंतपणही मुकादमाच्या, म्हणजे मजूर आणणाऱ्या ठेकेदाराच्या वहीत खाडाच. पाळीच्या त्रासाने खाडा नको, म्हणून गर्भपिशवीच काढून घ्यायची, असा सल्ला देणारेही भेटले. २०१९मध्ये नीलम गोऱ्हे समितीपुढे बीडची पाहणी आली, तेव्हा ८२ हजारांवर बायकांपैकी १३ हजारांवर जणींची ही शस्त्रक्रिया झालेली निघाली.

बदल झालेच नाहीत असं नाही. २०२४पासून लाडक्या बहिणीचे दीड हजार तिच्या खात्यात येतात. ते तिच्या कामी पडतात. नाकं मुरडणारे बहुधा ज्यांना गरज नाही तेच. सरकारी कागदावर मुलाच्या नावापुढे आईचं नावही त्याच वर्षी सक्तीचं झालं. उचल मात्र अजून एका कोयत्याची, म्हणजे जोडप्याची, आणि ती मोजून घेतो बहुतेक वेळा नवरा.

मग तिच्या ८० दिवसांचा मालक कोण? कारखाना म्हणतो, मजूर मुकादमाचे. मुकादम म्हणतो, मी मधला माणूस. सहकारातल्या थोर मंडळींनाही हे कोडं इतकी वर्षं सुटलेलं नाही, याचं मला नवल वाटतं. गोपीनाथ मुंडे ऊसतोड कामगार कल्याण महामंडळासाठी गाळपाच्या टनामागे कारखान्यांकडून पैसे घ्यायचं ठरलंय. त्यातून पहिला खर्च तोडीच्या जागी पाळणाघराचा आणि बाळंतिणीच्या खाड्यांच्या भरपाईचा व्हायला हवा.