रिकाम्या शहरातली ट्राम

(दृश्य: ओस रस्ता, ट्राम, चालकाच्या जागी लहान मुलगा)

कोपनहेगन, डेन्मार्कची राजधानी. १९४९ सालचा कृष्णधवल लघुपट. ट्राम हाकतोय तो पाले. सकाळी उठला, तर घरात आई नाही, बाबा नाहीत. बाहेर चिटपाखरू नाही. मग काय, रान मोकळं!

(दृश्य: पुस्तकाची पानं)

गोष्ट मूळची येन्स सिग्सगोर यांच्या १९४२ च्या पुस्तकातली. सिग्सगोर मानसशास्त्रज्ञ. जगात तू एकटाच उरलास तर काय करशील, असं त्यांनी मुलांनाच विचारलं होतं. चित्रं आर्ने उंगरमन यांची. हा बघा, पाले सीसॉवर बसलाय. समोर कोणीच नाही, फळी हलणार कशी?

(दृश्य: पुन्हा लघुपट, बंद दुकानं, मोकळे फुटपाथ)

दिग्दर्शिका अस्त्रिद हेनिंग-येन्सन. सुरुवातीला रंगभूमीवर नटी, मग पती ब्यार्ने यांच्याबरोबर दिग्दर्शनात. पालेचं काम केलंय त्यांच्याच मुलानं, लार्सनं.

चित्रकाराचं बरं असतं. माणसं काढलीच नाहीत की शहर रिकामं. कॅमेऱ्यापुढे खरी राजधानी उभी, आणि मागून एखादा सायकलवालासुद्धा जाता कामा नये. सायकलींच्या कोपनहेगनमध्ये! सिनेमावाल्यांना गर्दी जमवायची सवय. इथे ती चौकटीबाहेर ठेवायची होती.

आणि पालेला अडवणारं कोणी नाही. ‘हात लावू नकोस’ नाही, ‘पडशील’ नाही. त्याला जे सुचेल ते तो करतो, सिनेमा मुकाट्यानं त्याच्या मागे जातो. बालचित्रपट म्हटलं की शेवटी कोणीतरी मोठं माणूस चार शब्द सुनावणार, याची आपल्याला इतकी सवय झालीय, की ही मोकळीक आधी जरा खटकतेच.

(दृश्य: पोस्टर, पुरस्काराची छायाचित्रं)

अस्त्रिद यांचे पुढचे सिनेमे. १९५९ चा ‘पाऊ’: वेस्ट इंडीजमधून डेन्मार्कला आलेला, डॅनिश खलाशाचा पोरका मुलगा. ऑस्करचं नामांकन. प्रसूतिगृहातल्या बायकांवरच्या ‘विंटरबोर्न’साठी १९७९ मध्ये बर्लिन चित्रपट महोत्सवात उत्कृष्ट दिग्दर्शनाचं रौप्य अस्वल. १९८६ मध्ये, सत्तरी उलटल्यावर, डॅनिश लेखिका तोवे दितलेवसन यांच्या कादंबरीवर पुन्हा बालपणाचाच सिनेमा.

(दृश्य: आजचं कोपनहेगन, थिएटरबाहेर मुलांची रांग)

१९८२ च्या कायद्यानं डेन्मार्कनं सरकारी चित्रपट-निधीतला २५ टक्के वाटा मुलांच्या आणि किशोरांच्या सिनेमासाठी राखला. आपली १९५५ ची बालचित्रपट समिती २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झाली.